उरलेल्याचा चौथा भाग

आमच्या शेजारच्या घरातील सहावीतली मुलगी गेल्या पावसाळ्यात एका संध्याकाळी गणिताची वही घेऊन आमच्याकडे आली. आम्ही आयुष्यभर महाविद्यालयात मराठी साहित्य शिकवले. गणिताशी आमचा संबंध परीक्षेच्या गुणांची बेरीज करण्यापुरता. पण तिच्या आईच्या लेखी मास्तर तो मास्तर. रत्नागिरीत जून सरत आला की पाऊस असा लागतो की चार घरे ओलांडून गणिताच्या शिक्षकाकडे जाण्यापेक्षा भिंतीपलीकडच्या मराठीच्या शिक्षकावर भागवलेले बरे, असे कोणालाही वाटावे.

उदाहरण असे होते: एका गृहस्थाने आपल्याजवळील रकमेचा १/३ भाग मुलाच्या शिक्षणासाठी खर्च केला. उरलेल्या रकमेचा १/४ भाग घरदुरुस्तीसाठी खर्च केला. आता त्याच्याजवळ १२,५०० रुपये शिल्लक आहेत. तर सुरुवातीला त्याच्याजवळ किती रुपये होते?

मुलीने उत्तर काढले होते ३०,०००. तिने १/३ आणि १/४ यांची बेरीज केली, ती ७/१२ आली. उरले ५/१२. पाच बारांश म्हणजे साडेबारा हजार, तर पूर्ण रक्कम तीस हजार. गणित तिने चोख केले होते, वाचन मात्र चुकले होते. या उदाहरणाची खोच अशी की चुकीच्या वाटेने गेले तरी उत्तर गोल येते, अपूर्णांकाचा तुकडा हाती लागत नाही, त्यामुळे मनात शंकाही येत नाही. बरोबर उत्तर २५,००० आहे, हे आम्हांला आकडेमोड न करताच ठाऊक होते. कारण हेच उदाहरण, आकडे हजारपटीने लहान असलेले, आम्ही १९७१ साली सहावीत असताना पाहिले होते. तेव्हा शिल्लक होती साडेबारा रुपये. 'सोडवले होते' असे न लिहिता 'पाहिले होते' असे का लिहिले, ते पुढे येईल.

शाब्दिक उदाहरण हा साहित्यप्रकार आहे असे म्हटले तर आमचे समीक्षक मित्र हसतील. पण तीन-चार वाक्यांत पात्र, प्रसंग, संघर्ष आणि शेवटी एक प्रश्न, एवढे सगळे दुसऱ्या कोणत्या प्रकारात बसते? भास्कराचार्यांना हे नीट उमगले होते. ११५०च्या सुमारास लिहिलेल्या 'लीलावती'त नाण्यांचे कोष्टक सुरुवातीलाच आहे: २० कवड्यांची एक काकिणी, ४ काकिणींचा एक पण, १६ पणांचा एक द्रम्म, १६ द्रम्मांचा एक निष्क. मग पुढे अपूर्णांकांच्या प्रकरणात एक कृपण भेटतो. त्याने याचकाला द्रम्माच्या चतुर्थांशाच्या सोळाव्या भागाच्या पाचव्या भागाच्या तीन चतुर्थांशाचे दोन तृतीयांश, त्याचेही निम्मे, इतके दान केले. तर किती कवड्या दिल्या? सगळा गुणाकार करून पाहिला तर १/१२८० द्रम्म येतो, आणि एका द्रम्माच्या कवड्याही १२८०च. म्हणजे दिली एक कवडी. इतका शब्दविस्तार करून हाती एक कवडी येते, तेव्हा कृपणाचे चित्र विद्यार्थ्याने स्वतःच्याच हाताने पुरे केलेले असते. गणिताचे उत्तर हाच विनोदाचा शेवट.

त्याच ग्रंथात चार रत्नव्यापारी आहेत. एकाजवळ ८ माणके, दुसऱ्याजवळ १० इंद्रनीळ, तिसऱ्याजवळ १०० मोती, चौथ्याजवळ ५ हिरे. चौघांनी सहवासातून जडलेल्या स्नेहापोटी आपापल्या रत्नांतले एकेक रत्न इतर तिघांना दिले, आणि चौघांची संपत्ती सारखी झाली. तर रत्नांच्या किमती सांगा. एकास एक अशी रत्ने सर्वांकडे झाली, ती वजा केली की उरतात ४ माणके, ६ नीळ, ९६ मोती आणि १ हिरा, आणि या चारांची किंमत समान. मोती एकाचा धरला तर नीळ १६चा, माणिक २४चे, हिरा ९६चा. आमच्या मनात ठसले ते हे की देण्याघेण्यामागचे कारण भास्कराचार्यांनी सांगितले आहे. गणिताला त्याची गरज नव्हती. स्नेहाऐवजी भांडणातून रत्ने दिली असती तरी किमती त्याच आल्या असत्या. तरीही त्यांनी ते लिहिले.

आमच्या पाठ्यपुस्तकांतल्या उदाहरणांतून हे कारण नाहीसे झाले. तिथे 'एक गृहस्थ' असतो, 'एक व्यापारी' असतो, 'एक शेतकरी आपली जमीन तीन मुलांत वाटतो'. का वाटतो, मुली होत्या की नव्हत्या, वाटल्यानंतर दिवाळीला सगळे एकत्र जेवले का, हे विचारायचे नसते.

हे सारे आम्हांला शिकवले आमच्या आत्याने. तिचे लग्न राजापूरला झाले होते. यजमान लवकर गेले, मूलबाळ नव्हते, म्हणून ती माहेरी परतली आणि आमच्या रत्नागिरीच्या घरातच राहिली. ती जुन्या काळची व्हर्नाक्युलर फायनल. तिचे सगळे गणित रुपये-आणे-पै यांतले. १ एप्रिल १९५७ रोजी देशात दशमान नाणी आली, रुपयाचे शंभर नवे पैसे झाले, १ जून १९६४ पासून 'नवे' हा शब्दही गळाला. आत्याच्या डोक्यातला रुपया मात्र शेवटपर्यंत सोळा आण्यांचा राहिला. ज्यांनी ते गणित केलेले नाही त्यांना त्याचा जाच कळणार नाही. ३ रुपये ७ आणे ९ पै यांना पाचाने गुणायचे: पंचेचाळीस पै म्हणजे ९ पै, हातचे ३ आणे, पस्तीस आणि तीन अडतीस आणे म्हणजे ६ आणे, हातचे २ रुपये, पंधरा आणि दोन सतरा. उत्तर १७ रुपये ६ आणे ९ पै. पैंच्या घरात हातचा बारावर निघतो, आण्यांच्या घरात सोळावर, रुपयांच्या घरात दहावर. एकाच उदाहरणात तीन राज्यांचे तीन कायदे. या कारभारासाठीच पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी मुलांकडून घोकून घेत. आत्याला त्या सगळ्या येत. आम्ही दशांशचिन्हाखाली दशांशचिन्ह मांडून बसलेले असायचो, तेवढ्यात ती भाजी निवडता निवडता उत्तर सांगून मोकळी होई.

तिची रीत अशी होती की उदाहरण तीनदा मोठ्याने वाचायचे. पहिल्यांदा गोष्ट म्हणून. दुसऱ्यांदा, कोणाजवळ काय आहे ते शोधत. तिसऱ्यांदा, विचारले काय आहे ते पाहत. "आधी माणसं मोज, मग पैसे," असे ती म्हणे. मग ओंजळभर चिंचोके घेऊन बसायची. पुढे व्याकरण शिकवताना आम्हांला कळले की ती आम्हांला विभक्तीच शिकवत होती. 'पहिल्याजवळ दुसऱ्यापेक्षा पाच रुपये जास्त' या वाक्यात मूल 'जास्त' हा शब्द पाहते आणि बेरीज करून टाकते; 'पेक्षा' कोणाला लागला आहे ते पाहत नाही. 'तीनने' आणि 'तिप्पट' यांतला फरक, 'प्रत्येकी' आणि 'एकूण' यांतला फरक हा भाषेचा फरक आहे. 'रकमेचा तिसरा भाग' यातला षष्ठीचा 'चा' गणितात गुणाकाराचे चिन्ह होतो, हे कोणत्याही व्याकरणाच्या पुस्तकात आमच्या वाचनात आले नाही. आत्याला ते माहीत होते. आणि 'उरलेल्या' या धातुसाधित विशेषणाने तर काळच बदलतो. त्या शब्दापाशी पहिली रक्कम संपते, दुसरी सुरू होते. ज्याने तो शब्द गाळून वाचला, त्याचा गृहस्थ तीस रुपयांचा धनी झाला.

१९७१ साली वर्गातल्या सगळ्या मुलांनी तो गाळूनच वाचला. एकट्या आमच्या वहीत २५ होते. चिंचोके मांडून ते आत्याने सोडवले होते. आम्ही फक्त उतरवून घेतले होते. गुरुजींनी वही वर धरून वर्गाला दाखवली, टाळ्या वाजवायला लावल्या. आम्ही गप्प राहिलो. घरी येऊन शाबासकीची बातमी आत्याला सांगितली तेव्हा तिने विचारले, "कोणी सोडवलं म्हणून सांगितलंस?" आम्ही आमचे नाव सांगितले. ती "बरं" म्हणाली आणि कामाला लागली.

वाचकांच्या लक्षात आलेच असेल की या जिल्ह्यातल्या दुसऱ्या एका मुलाची अशीच गोष्ट आम्हां सर्वांना पाठ आहे. गुहागर तालुक्यातल्या कोतळूकला १८६६ साली जन्मलेल्या गोपाळ कृष्ण गोखल्यांची. शिक्षकांनी घरून करून आणायला दिलेले गणित एकट्या गोपाळचे बरोबर आले, शिक्षकांनी कौतुक केले, आणि तो रडू लागला; कारण ते त्याने दुसऱ्याच्या मदतीने सोडवले होते. ही गोष्ट मुलांना सत्यप्रियतेचा धडा म्हणून सांगतात. आम्ही ती शाळेत ऐकली तेव्हा मान खाली घालून बाकावरची रेघ पाहत होतो.

पुढे गोखल्यांचे चरित्र वाचले तेव्हा जाणवले की त्या माणसाचे सारे आयुष्यच मिश्र रकमांच्या उदाहरणांत गेले. १८७९ मध्ये वडील वारले. थोरल्या भावाला, गोविंदरावांना, पंधरा रुपयांची नोकरी लागली. त्यांतले आठ ते शिकणाऱ्या गोपाळला पाठवीत आणि सातांत घर चालवीत. पंधरातून आठ गेले, राहिले सात: दुसरीतल्या मुलाची वजाबाकी. पण त्या सातांत किती माणसे जेवत होती, ते वजाबाकीत दिसत नाही. पुण्यात न्यू इंग्लिश स्कूलमध्ये शिकवीत असताना गोखल्यांनी एका सहकारी शिक्षकाच्या जोडीने अंकगणिताचे पुस्तक तयार केले आणि ते शाळांतून पुष्कळ चालले. दुसऱ्याने सोडवलेल्या गणितावर रडलेल्या मुलाने देशाच्या मुलांसाठी गणिते रचली. मार्च १९०२ मध्ये कलकत्त्याच्या कायदेमंडळात अंदाजपत्रकावर बोलताना त्यांनी जो मुद्दा मांडला, तो तर 'उरलेल्या' या शब्दाचेच विवरण होता. सरकार म्हणत होते, तिजोरीत शिल्लक आहे, अर्थात देशाची भरभराट आहे. गोखल्यांनी दाखवून दिले की ही शिल्लक भरभराटीची नव्हे, लोकांकडून गरजेपेक्षा अधिक कर घेतल्याची आहे. जे उरले ते कोणाचे, हा त्यांचा प्रश्न होता. १८८८ पासून मणामागे अडीच रुपये असलेला मिठावरचा कर १९०३ मध्ये दोन, १९०५ मध्ये दीड आणि १९०७ मध्ये एक रुपयावर आला. त्यामागे अनेक कारणे आणि अनेक माणसे होती, पण त्या काळात तो कर कमी करण्याची मागणी सातत्याने मांडणाऱ्यांत गोखले होते.

आता आमच्या घरची गोष्ट.

आमचे आजोबा प्राथमिक शिक्षक होते. पगारातून साठवून त्यांनी गावाबाहेर हापूसच्या कलमांची एक लहानशी बाग घेतली. ती त्यांच्या स्वकष्टाची होती. १९७२ मध्ये ते गेले. आजी आधीच गेली होती. मागे दोन मुलगे आणि एक मुलगी: आमचे वडील, काका आणि आत्या. १९५६च्या वारसा कायद्याप्रमाणे तिघांचे वाटे सारखे. कोकणात तेव्हा जमिनीतले हिस्से आणे-पैंत बोलायची आणि लिहायची रीत होती: पूर्ण जमीन म्हणजे रुपया, मग ज्याचा त्याचा हिस्सा इतके आणे, इतक्या पै. खोतीच्या गावांतून तर हे हिस्से पिढ्यान्‌पिढ्या चिरत जाऊन पैपर्यंत पोहोचलेले असत. चलन बदलले तरी जमिनीने आणे सोडले नव्हते. पिकाच्या अंदाजालाही आपण कितीतरी वर्षे 'आणेवारी'च म्हणत आलो. 'पैसेवारी' ही मागाहूनची. आणि जुन्या रुपयाचा एक गुण मान्य केला पाहिजे. नवा रुपया तिघांत वाटला तर तेहेतीस पैसे होऊन वर एक पैसा उरतो, तो कोणाचा म्हणून वाद व्हावा. जुना रुपया १९२ पैंचा. तिघांत नेमका वाटला जातो. प्रत्येकी ५ आणे ४ पै. उरत काही नाही.

१९७४ साली आत्याने हक्कसोडपत्रावर सही केली. आम्ही तेरा-चौदा वर्षांचे होतो आणि तिच्याबरोबर दुय्यम निबंधकांच्या कचेरीत बाकावर बसलो होतो. कागदात 'स्वखुशीने', 'कोणताही मोबदला न घेता' असे शब्द होते. वडिलांनी सहीची जागा बोटाने दाखवली. आत्याने वळणदार अक्षरात सही केली. परतताना राम आळीतून काकांनी आम्हांला लिमलेटच्या गोळ्या घेऊन दिल्या. हिश्शांची नोंद झाली: ८ आणे, ८ आणे. उदाहरण सुटले.

वडील दुष्ट नव्हते, काकाही नव्हते. दोघांनी बहिणीला जन्मभर सांभाळले. माहेरचा वाटा घेणारी बहीण माहेराला मुकते, असे त्या काळी सगळेच मानत; आजही पुष्कळ घरांत सह्या अशाच होतात. आत्याला घरात मान होता. पण राजापूरला दिराच्या मुलाच्या मुंजीला जायचे तर एस.टी.च्या भाड्याचे पैसे ती वडिलांकडे मागे. चष्म्याची काच फुटली तेव्हा तिने दोन महिने सांगितले नाही. मे महिन्यात आंब्याचे पैसे आले की हिशेब मांडायला मात्र तीच बसे, आणि तो दोन भागांत मांडे.

१९९४ मध्ये महाराष्ट्रात मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत जन्मतः हक्क देणारी दुरुस्ती झाली, तेव्हा वर्तमानपत्र वाचता वाचता आम्ही धीर करून आत्याला विचारले, तेव्हा तुझा वाटा किती होतो ते तुला ठाऊक होते ना?

"ठाऊक नसायला काय झालं? पाच आणे चार पै." उत्तर तोंडावरच होते. थोडा वेळ ती तांदूळ निवडत राहिली. मग म्हणाली, "मागितला असता तर दिलाच असता रे मी. पण दादाने विचारलंच नाही. सही कुठे करायची तेवढं दाखवलं."

आम्हांला त्यावर बोलायला सुचले नाही. कचेरीतल्या त्या बाकावर आम्ही होतो. वाटणीचे गणित तेव्हा आम्हांलाही येत होते, तिनेच शिकवले होते. मधल्या वीस वर्षांत आमच्या हातून कितीतरी कथा-कादंबऱ्यांतल्या दबलेल्या स्त्रियांवर व्याख्याने झाली होती.

२००३ मध्ये आत्या गेली. काही वर्षांनी बाग विकली, तेव्हा आम्ही एका वकील मित्राला हा सारा प्रकार सांगितला. तो म्हणाला, मनाला लावून घेऊ नका. स्त्रीला वडिलांकडून वारशाने आलेली मालमत्ता, तिने मागे कुठली व्यवस्था केली नसेल आणि तिला मूलबाळ नसेल तर, वडिलांच्या वारसांकडेच परत जाते. तिने सही केली नसती तरी शेवटी ते तुमच्याकडेच आले असते. कायद्याने त्याचे म्हणणे बरोबर आहे. उत्तर तेच येते. पण शाळेत रीत चुकली तर उत्तर बरोबर असूनही गुण कापतात, आणि इथे मधल्या पायरीत एक बाई एकोणतीस वर्षे जगली. वडिलांकडून आमच्याकडे आलेल्या आठ आण्यांत आमच्या वाट्याचे कोणते आणि तिचे कोणते, हा हिशेब सोपा आहे: आठ आण्यांतून ५ आणे ४ पै वजा जाता २ आणे ८ पै. तितकेच काकांकडे. दोन्ही मिळून पुन्हा ५ आणे ४ पै. ताळा जमतो.

शेजारच्या मुलीला आम्ही तिचे उदाहरण तीनदा मोठ्याने वाचायला लावले. घरात चिंचोके नव्हते. काजूच्या बिया घेतल्या. तिला चाराण्याचे नाणे माहीत नाही. ते ३० जून २०११ रोजी चलनातून गेले, तिच्या जन्माच्या आधी. तिच्या घरी दुधापासून रिक्षापर्यंत सगळे पैसे मोबाईलवरून जातात, सुट्ट्यांचा प्रश्नच नाही. पण 'उरलेल्या' हा शब्द तिला बियांवर कळला. बारा बिया मांडल्या, चार बाजूला केल्या. "आता चौथा भाग कशाचा?" असे विचारल्यावर तिने एकदा बारांच्या जागेकडे आणि एकदा आठ बियांकडे पाहिले, आणि दोन उचलल्या. सहा राहिल्या, म्हणजे निम्म्या. वहीत तिने ३०,००० खोडून २५,००० लिहिले.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर ती सांगायला आली. बाईंनी विचारले, ही रीत कोणी शिकवली? तिने लगेच सांगून टाकले, शेजारच्या आजोबांनी. त्यात तिला काही विशेष केल्यासारखे वाटले नव्हते. आम्ही तिला बसवले आणि सांगितले की रीत आमची नव्हे, आमच्या आत्याची आहे. आणि सहावीत असताना हेच उदाहरण तिने सोडवले होते, आम्ही नाही.

"मग उद्या बाईंना त्यांचं नाव सांगू?" तिने विचारले. "काय नाव त्यांचं?"

आम्ही नाव सांगितले. तिने ते वहीच्या समासात लिहून घेतले.